'तिरीप' हे मुलीचे नाव मूळ कोणाचे, याबाबत

प्रति,
मा. निबंधक,
जन्म-मृत्यू नोंदणी कार्यालय,
तळमजला, मागील दालन.

विषय : 'तिरीप' हे नाव सर्वप्रथम अर्जदाराने योजल्याची नोंद होऊन मिळणे व ते इतरांना देणे थांबविणेबाबत.

संदर्भ : मुलीचे नाव अद्याप न कळविल्याबद्दल आपल्या कार्यालयाकडून आलेली दोन स्मरणपत्रे.

महोदय,

१. अर्जदार ही चष्म्याच्या दुकानात, मागच्या खोलीत, भिंगे घासण्याचे काम एकोणीस वर्षे करीत आहे. लग्नाला पंधरा वर्षे झाली. पैकी चौदा वर्षे घरात पाळणा हलला नाही. गेल्या वर्षी, वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी, अर्जदाराला मुलगी झाली. ती आता अकरा महिन्यांची असून तिच्या जन्मदाखल्यावर नावाची जागा कोरी आहे. घरात तिला 'बाळ' म्हणतात. नाव सुचत नाही म्हणून ही दिरंगाई झाली, असा आपला समज होऊ नये. नाव तेरा वर्षांपासून ठरलेले आहे. ते चोरीला गेले आहे.

२. नावाचा अर्थ व उगम येणेप्रमाणे. अर्जदाराच्या कामाच्या खोलीला एकच उंच खिडकी आहे. दुपारी तीनच्या सुमारास तिच्यातून उन्हाची तिरकी रेघ आत येते आणि ओल्या भिंगावर पडते. अशा रेघेला आपल्या भाषेत तिरीप म्हणतात. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी ती तशी पडलेली पाहून 'मुलगी झाली तर हेच नाव' असे अर्जदाराच्या तोंडून आपोआप निघाले. त्याआधी हे नाव कोणा माणसाला असल्याचे अर्जदाराने पाहिले नव्हते की ऐकले नव्हते. स्टेशनरीच्या दुकानात हल्ली मिळणाऱ्या नावांच्या पुस्तिकेत 'तिरीप : एक प्राचीन राजकन्या' असा अर्थ छापला आहे, तो साफ खोटा आहे. राजकन्या वगैरे कोणी नाही. ऊन आहे.

३. अर्जदाराने हे नाव फक्त तिघांना सांगितले होते, एक पती, दुसरी आई व तिसरी धाकटी जाऊ. जावेला सांगितले तेव्हा दोघी स्वयंपाकघरात मटार सोलत होत्या. जावेला तेव्हा चौथा महिना होता. ती म्हणाली, "अय्या, किती गोड आहे हो ताई!" अर्जदार भोळेपणाने खूश झाली. पाच महिन्यांनी जावेला मुलगी झाली आणि भरल्या घरात, सगळ्या पाहुण्यांसमोर, तिचे नाव तिरीप ठेवण्यात आले. अर्जदाराच्या हातात सरबताचा ट्रे होता. तो खाली पडला नाही, एवढेच अर्जदाराने त्या दिवशी साधले. अर्जदाराची आई मात्र नाव कानावर पडताच उठून बाहेर गेली आणि काही न खाता घरी निघून गेली. आपला अपमान आईलाही सहन झाला नाही, असे वाटून अर्जदाराला त्यातल्या त्यात बरे वाटले.

४. दुसऱ्या दिवशी अर्जदाराने जावेला विचारले तेव्हा ती म्हणाली, "ताई, शब्द का कोणाच्या मालकीचा असतो? आणि तुम्हाला तर..." एवढे बोलून ती थांबली. ते अर्धे वाक्य अर्जदाराने त्यानंतर सहा वर्षे स्वतःच पुरे करून ऐकले आहे.

५. जाऊ बालवाडीत शिक्षिका आहे. तिच्या मुलीचे नाव ऐकून तिथल्या मुलांच्या आया अर्थ विचारू लागल्या आणि साथ पसरावी तसे हे नाव पसरले. आपल्या खिडकीवरील बाईंनी तोंडी दिलेल्या आकड्यांनुसार पहिल्या वर्षी एक, दुसऱ्या वर्षी चार आणि सरत्या वर्षात सत्तावन्न मुलींना हे नाव दिले गेले. भाजी घेताना मागून "तिरीप, चप्पल घाल!" असे कानावर येते. जिन्यात "तिरीप, बूच कुठे टाकलंस?" असे ऐकू येते. प्रत्येक वेळी अर्जदाराच्या पोटात दुखते आणि त्यावर औषध नाही. लपवायचे नाही म्हणून हेही लिहिते, की गेल्या महिन्यात या नावाच्या एका मुलीच्या चष्म्याचे काम दुकानात आले, तेव्हा अर्जदाराने ती भिंगे चार दिवस ढिगाच्या तळाशी ठेवली. पाचव्या दिवशी ती मुलगी आईचे बोट धरून आली आणि डोळे बारीक करून अर्जदाराकडे बघत राहिली. भिंगे तासाभरात बसवून दिली. राग मात्र गेला नाही.

जावेच्या मुलीला अर्जदाराने आजवर नावाने हाक मारलेली नाही. 'अगं ए' किंवा 'पोरी' म्हणते. मध्यंतरी त्या मुलीने विचारले, "काकू, तुला माझं नाव येत नाही का?"

६. तरी विनंती की,
(अ) हे नाव मूळ अर्जदाराचे आहे, अशी नोंद घ्यावी;
(ब) अर्जदाराच्या मुलीची नोंद होईपर्यंत व त्यानंतर किमान दहा वर्षे ते अन्य कोणासही देऊ नये;
(क) जावेच्या मुलीचे नाव बदलण्याविषयी तिच्या आईवडिलांना आपल्या स्तरावर समज द्यावी. पर्यायी अकरा नावांची यादी अर्जदार स्वखुशीने देईल. त्यातील काही नावे फार चांगली आहेत.

७. महोदय, येथपर्यंतचा मजकूर सोमवारी लिहून झाला होता. आपल्या नोंदवहीत जावेच्या मुलीआधी हे नाव कोठेही नाही, एवढा उतारा पुरावा म्हणून जोडायचा बाकी होता. तो मंगळवारी मिळाला. खिडकीवरील बाई म्हणाल्या, "अहो, हे नाव तर अडतीस वर्षांपूर्वीचं निघालं. एकच नोंद आहे. बघा तुमच्या ओळखीचं कोणी आहे का." अर्जदाराने तेथेच उभ्याने वाचले. नाव : तिरीप. लिंग : स्त्री. आई आणि वडील या रकान्यांत अर्जदाराच्याच आईवडिलांची नावे होती. शेजारी वेगळ्या शाईत मृत्यूची नोंद होती. वय अकरा दिवस.

८. अर्जदार एकुलती एक मुलगी आहे, असेच ती आजवर समजत आली. आई अर्जदाराकडेच राहते. अर्जदार घरी गेली तेव्हा ती बाळाच्या दुपट्यांच्या घड्या घालत होती. उतारा पुढे ठेवला. आईने तो वाचला आणि हातातली घडी मोडून पुन्हा घातली. मग म्हणाली, "तू चार वर्षांची होतीस. दवाखान्यात माझ्या खाटेवर ऊन यायचं, म्हणून मी ठेवलं होतं ते नाव. पण हाक तूच मारायचीस. दिवसभर पाळण्याला धरून उभी. ती गेली तरी तू थांबेनास. घरभर तिरीप, तिरीप. मला ऐकवेना गं. एक दिवस तुझ्यावर हात उगारला आणि सांगितलं, हे नाव परत काढायचं नाही. तू नाही काढलंस. मग विसरलीस."

९. अर्जदाराने विचारले, की इतकी वर्षे मी 'माझं नाव, माझं नाव' म्हणून घर डोक्यावर घेत होते, तेव्हा का बोलली नाहीस? आई म्हणाली, "तुला सुचलं म्हणून सांगत आलीस, तेव्हा मला वाटलं, कुठूनतरी परत आलं. तुझं आहे असं तुला वाटत होतं, वाटू दिलं. मग ते तिसऱ्याच घरात गेलं." जावेकडून आई न जेवता का निघून आली होती, ते अर्जदाराला सहा वर्षांनी कळले.

१०. खरे ते लिहायचे ठरवले आहे म्हणून पुढचेही लिहिते. त्या रात्री अर्जदाराला बहिणीसाठी रडू यायला हवे होते. ते आले, पण नंतर. आधी हेवा वाटला. अकरा दिवसांच्या त्या पोरीने काही न करता नावावर पहिला हक्क सांगितला होता. आईने ते नाव तिला दिले होते आणि अर्जदाराला घरात आधीच असलेले एक साधे, सर्वांना असते तसे नाव. जावेवर सहा वर्षे जळले ते परवडले, असे वाटले. जावेशी निदान भांडता येत होते.

११. शुक्रवारी जाऊ मुलीला घेऊन आली. अर्जदाराने तिला काहीही सांगितले नाही. सांगणार आहे, पण लगेच नाही. मुलगी निघताना जिन्यात पोहोचली होती. अर्जदाराने दारातून तिला नावाने हाक मारली. तिने वळून आधी आपल्या आईकडे पाहिले, मग अर्जदाराकडे. "तुझी टोपी राहिली," एवढेच अर्जदार म्हणाली. टोपी खरोखरच राहिली होती.

१२. सबब परिच्छेद ६ मधील तिन्ही मागण्या अर्जदार मागे घेत आहे. विषय वर लिहिला तोच राहू दिला आहे, कारण दुसरा काय लिहावा ते कळले नाही. सत्तावन्न असोत की पाचशे, अर्जदाराच्या मुलीच्या दाखल्यावर कोऱ्या जागेत 'तिरीप' असे लिहून मिळावे. वर्गात चार-पाच निघतील, बाई त्यांना आडनावाने हाका मारतील, याची कल्पना आहे.

एक शेवटची विनंती, नियमात बसत असल्यास. दाखला तयार झाला की आपल्या खिडकीवरून मुलाचे नाव पुकारतात, असे समजते. त्या दिवशी अर्जदार आईला सोबत आणणार आहे. तिला उजव्या कानाने कमी ऐकू येते, तरी नाव जरा मोठ्याने पुकारावे व शक्य झाल्यास दोनदा पुकारावे. त्याच नावाची आणखी कोणी त्या दिवशी बाकावर असेल, तर तिला आमच्यानंतर बोलवावे.

आपली नम्र,
(सही)
अर्जदार, तिरीपची आई

दिनांक : आवक शिक्क्याप्रमाणे

सोबत :
१) अडतीस वर्षांपूर्वीच्या नोंदीचा उतारा. पाहून झाल्यावर परत मिळावा, आईने मागितला आहे.
२) मुलीचा जन्मदाखला, मूळ प्रत.