तिसऱ्या सीझनमधले बाबा

बाबा, मी टीव्हीसाठी एका कुटुंबाची विनोदी मालिका लिहिते. त्यातला बाप मी तुमच्यावरून घेतलाय. पहिले दोन सीझन तो नुसता ओरडायचा, चालू पंखे बंद करत घरभर फिरायचा आणि लोक हसायचे. थळ गावी, आपल्या घरी आईसुद्धा हसायची. तिसऱ्या सीझनला चॅनेलवाले म्हणाले, "आता हा बाप बदलला पाहिजे. लोकांना कंटाळा येतोय." मग मी प्रसंग लिहिला. मुलीला नाटकात जाऊ न देणारा बाप तिची माफी मागतो.

सेटवर तुमचं काम करणारे नट म्हणाले, "हा माणूस तोंडाने सॉरी म्हणणार नाही. मग करेल काय?" मी आईला फोन लावला.

"तुजा बापूस? त्यो कुठला माफी मागतोय! चुकलं की माझ्या हातातली विळी घ्याचा न् मासली साफ कराला बसाचा. बोलाचा न्हाय काय."

आणि मला ती सकाळ दिसते. आदल्या संध्याकाळी मला तालमीला जाऊ न देता तुम्ही दार अडवून उभे राहिलात. आता तुम्ही होडीवरून आल्या आल्या, अंगावरचे ओले कपडे न बदलता, मागच्या पडवीत विळीवर बसलाय. आई नुसती बाजूला उभी. जेवताना माझ्या ताटात गाबोळी येते, माशातली अंडी, सगळीच्या सगळी. मला वाटतं, आईनेच वाढली. मी जेवते आणि कॉलेजला निघून जाते. त्याच आठवड्यात तुमच्या छातीत कळ आली. अलिबागच्या दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं.

प्रसंग तसाच केला, विळी आणि गाबोळीसकट. तो दाखवला त्या दिवशी आईचा फोन आला. "बरा झाला गो त्यो," एवढंच म्हणाली आणि रडायला लागली.

आता चौथा सीझन लिहितेय. त्यात बाप साठीचा होतो, नातवाला खांद्यावर घेऊन किनाऱ्यावर फिरतो. तुम्ही पन्नाशीही पाहिली नाहीत. इथून पुढचं मी अंदाजाने लिहिते, बाबा. प्रत्येक भागानंतर आई विचारते, "असाच झाला असता ना गो?"

मी हो म्हणते. मला खरंच माहीत नाही.