न वटलेला चेक

हट्टी बाईसाहेब,

हे पत्र पाठवणार नाहीये, म्हणून तोंडाला येईल ते लिहितो. तुझ्या शेवटच्या वर्षाच्या फीसाठी दिलेला चेक तू अजून बँकेत का भरला नाहीस? दर महिन्याला गॅरेजमध्ये कॅल्क्युलेटर घेऊन बसतो, चहापासून पेट्रोलपर्यंत सगळं वजा करतो, तरी पासबुकाशी आकडा जुळत नाही. फरक नेमका तुझ्या चेकएवढा! माझे वडील टोमणा मारतात, "कॉलेज सोडलंस, आता वजाबाकीही सोडलीस का रे?"

भांडण माझ्याशी ना? मग फीवर कसला राग काढतेस? "तुझे उपकार नकोत" म्हणालीस, मग चेक परत का नाही केलास?

आज तो थांबवायलाच बँकेत गेलो होतो. काउंटरवरच्या बाई म्हणाल्या, "अर्ज कशाला करतोस? शनिवारी तीन महिने होतायत, आपोआप बाद होईल." ते ऐकून माझं डोकंच फिरलं. त्यांच्यावरच ओरडलो, बाहेर आलो आणि तिथल्याच पायरीवर बसून आजच्या तारखेचा नवा चेक लिहिला.

तो तेवढा टपालात टाकलाय. आधी फी भर, मग हवं तर जन्मभर बोलू नकोस.

तुझ्यावर भयंकर चिडलेला,
गॅरेजवाला