तुम्ही रिकामं केलेलं बेट

साहेब, काल इंग्लंडहून तुमच्या लेकीचा फोन आला. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली आणि आता तिला तुमच्या आठवणींचं पुस्तक छापायचंय. मी टाइप केलेले कागद तिला हवेत. तुम्हाला मराठी यायची नाही, पण मनातलं बोलायचं तर मला अजून इंग्रजी पुरत नाही.

रास अल खैमाच्या त्या सिमेंट कंपनीत तुम्ही सल्लागार होतात आणि मी लग्न होऊन चिपळूणहून आलेली नवी टायपिस्ट. जेवणाच्या सुट्टीत ऑफिस रिकामं झालं की तुम्ही येरझारा घालत तुमच्या आठवणी सांगायचात आणि मी त्या टाइप करायची. तेविसाव्या वर्षी ब्रिटिश सरकारचे अधिकारी म्हणून प्रशांत महासागरातल्या बेटांवर तुम्ही बोटीतून उतरलात. तिथे कलेक्टर तुम्हीच, न्यायाधीश तुम्हीच, पोस्टमास्तरही तुम्हीच. एकदा तर डॉक्टरीचं पुस्तक शेजारी उघडं ठेवून एका बाईचं बाळंतपण केलंत. ते सांगताना इतके हसायचात की माझं टायपिंग चुकायचं. "यल्ला, चल, पुन्हा," म्हणायचात.

मग एके दिवशी तुमच्या सांगण्यात ते लहान बेट आलं. तिथल्या विहिरी खारट झाल्या, म्हणून सरकारने सगळ्या लोकांना दूरच्या बेटावर हलवायचा हुकूम काढला, आणि ते काम तुमच्याकडे आलं. तुम्ही म्हणता, "लिही, लोक राजीखुशीने निघाले." माझे हात थांबतात. माझं आजोळ धरणाखाली गेलेलं.

"राजीखुशीने कोण निघतं, साहेब? परत कधी येणार, असं कुणीच विचारलं नाही?"

"तू टायपिस्ट आहेस. सांगितलं तेवढं टाइप कर."

केलं.

दुसऱ्या दिवशी तुम्ही खुर्ची ओढून माझ्यासमोर बसलात, पहिल्यांदाच. "एका म्हातारीने विचारलं होतं," तुम्ही म्हणालात. "मी तिच्या भाषेत सांगितलं, दोन वर्षांत. खोटं होतं ते, मला ठाऊक होतं. त्यांचा माझ्यावर विश्वास होता, दुसरा कुणी साहेब असता तर ते हललेच नसते." पुढे बढत्या मिळत गेल्या, तिथला ब्रिटिशांचा झेंडा उतरला, तुम्ही इकडे आलात, त्या लोकांना भेटायला मात्र कधी गेला नाहीत. ते पान मी नव्याने टाइप केलं. तुम्ही त्याखाली सही केलीत आणि विचारलंत, "तुझं आजोळचं घर कसं होतं?" मी पडवीपासून सांगत गेले, तुम्ही ऐकत राहिलात. इथल्या इतक्या वर्षांच्या नोकरीत मला ते दुसऱ्या कुणीच विचारलं नाही.

दोन्ही पानं माझ्याकडे होती. लेक फोनवर म्हणाली, "डॅडींचा त्या लोकांवर किती जीव होता, ते जगाला कळू दे." आज सकाळी दुबईत जुमेरा लेक टॉवर्समधल्या माझ्या आताच्या ऑफिसातून मी कागद स्कॅन करून पाठवले, त्यात राजीखुशीचंच पान घातलं. संध्याकाळी मुलाला सांगितलं, तर तो म्हणाला, "मम्मी, ही साइन्ड द अदर वन." मग दुसरी मेल केली, सहीचं पान जोडून.

तिचं उत्तर अजून आलेलं नाही. हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून कबूल करते. ती दुसरी मेल पाठवायचं बटण दाबताना मला तुमचा फार राग आला, साहेब. सकाळी मायेपोटी तुमच्यासाठी मीही खोटं बोलून गेले होते.