साहेब, तुमच्या माणसांना मी मराठीत बोलतं केलं

प्रिय दिग्दर्शकसाहेब,

तुम्ही गेल्याचं आज फोनवर वाचलं. तुमचं नाव मी चुकीचं उच्चारतो असं माझी मुलगी इरा म्हणते, म्हणून नुसतं साहेब. घरात सांगायला कुणी नव्हतं, म्हटलं थेट तुम्हालाच कळवावं!

आपली ओळख इथली, मेलबर्नजवळच्या वेरिबीतली. तेव्हा इरा चार वर्षांची. तिची आई शनिवारी हॉस्पिटलच्या ड्यूटीला जायची, अजूनही जाते. लायब्ररीतून आणलेली तुमची कोल्ह्याची कार्टून फिल्म जपानीत होती आणि खालच्या इंग्रजी ओळी इराला वाचता येत नव्हत्या. जपानी मला ओ की ठो कळत नाही. मग काय, सगळे आवाज मीच काढले! तुमचा कोल्हा अस्वलाला विचारायचा, "भाऊसाहेब, सोसायटीच्या मीटिंगला का नव्हतात?" इरा सोफ्यावरून खाली पडायची हसून.

पण तुम्ही एका जागी टिकाल तर ना! कोल्ह्यानंतर रोबो, मग खऱ्या नटांना घेऊन खुनाचा सिनेमा, मग घर बदलणारं ते म्हातारं जोडपं. समीक्षक म्हणाले, केवढा अष्टपैलू! त्यांचं काय जातं? नवनवे आवाज मला काढावे लागले. इराला वाचता येऊ लागलं तरी फर्माईश माझ्याच आवाजाची.

ते म्हातारा-म्हातारी तर नुसती भांडी कागदात गुंडाळत बसतात. प्रत्येक शॉट आधी स्वतः चितारायचात म्हणे. मग त्यात एवढी शांतता कशाला चितारलीत? मी ती भरून काढली. "अगं, तुझ्या माहेरचा टोप आहे, नीट धर!"

पुढे शाळेत इरा जपानी शिकली. इथल्या शाळांना नेमकी हीच भाषा सुचावी?

"बाबा, ती म्हातारी असं म्हणालीच नाहीये."

"मग काय म्हणाली?"

"डझन्ट मॅटर. तू खाली वाच ना."

त्यानंतर ती तुम्हाला तिच्या खोलीत बघू लागली. हेडफोन लावून.

आता ती ब्रिस्बेनकडे, स्प्रिंगफील्ड लेक्सला असते. मघाशी फोन केला.

"आय नो, बाबा. सो सॅड."

"शनिवारी त्यांचा शेवटचा सिनेमा लावायचा? तू तिकडे, मी इकडे. फोन चालू ठेवू."

"शनिवारी फ्रेंड्स येतायत रे. तू बघ ना. सबटायटल्स आहेत."

नो वरीज, म्हणालो. दुसरं काय म्हणणार?

साहेब, तुमचा तो सिनेमा मी बघेन. तोंड मिटून. तुमची माणसं गप्प बसली तर मीही बसेन. आणि कधी इराने विचारलंच, "बाबा, काय म्हणाली ती?" तर खालची ओळ जशीच्या तशी वाचून दाखवेन.

तुमचा बिनपगारी आवाज,
इराचा बाबा