सातच्या पाढ्याची कॅसेट

एजवेअर, लंडन
रविवार, ४ मार्च १९८४

प्रिय मंजिरी,

हे पत्र मुद्दाम तुझ्या शाळेच्या पत्त्यावर पाठवतोय. घरी पाठवलं असतं तर तुमच्या दादासाहेबांनी आधी फोडलं असतं, मग सगळ्यांना बसवून वाचून दाखवलं असतं, आणि तुझ्या हातात यायच्या आत तुझ्या आत्याने त्याला हळदकुंकू लावलं असतं. मागच्या महिन्यात पाठवलेल्या कॅसेटचं काय झालं ते माझ्या आबांनी कळवलंय, म्हणून ही खबरदारी. तुमच्या हेडमास्तरांनी नातवासाठी राणीचं तिकीट मागितलं तर पाकीट देऊन टाक. आतले कागद देऊ नकोस.

वैशाखात आपलं लग्न आहे. त्याआधी मला तुला एक गोष्ट सांगायची आहे आणि ती कळल्यावर तू लग्नाला नाही म्हणू शकतेस. हे आधीच लिहून ठेवतो, म्हणजे मधे कुठे हसू आलं तरी तू ते विसरणार नाहीस. सरळ सांगायला गेलो की माझं अडतं. चार कागद फुकट गेलेत. तेव्हा जरा वळसा घालून येतो. मामा इथल्या मराठी मंडळाच्या मीटिंगला गेलेत, दुकान बंद आहे, संध्याकाळपर्यंत मला कुणी हाक मारणार नाही.

हरिदासमामा म्हणजे माझ्या आईचे भाऊ. त्यांचं इथे टीव्ही रिपेअरचं दुकान आहे. मला आणताना त्यांनी कुठल्या कागदावर काय लिहिलं ते त्यांनाच माहीत. एअरपोर्टवर मी फक्त सभ्य चेहरा करून उभं राहायचं, एवढंच माझं काम होतं. त्याआधी मी फलटणला गॅरेजात होतो, मग एसटी कँटीनला, मग मुंबईत गोदीत, मग पुन्हा गॅरेजात. एका जागी बूड टिकत नाही हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे. तुमच्या घरात फक्त ‘पोराला फिरण्याची आवड आहे’ एवढंच सांगितलं गेलं.

आता इथलं काम. इथल्या सरकारने ठरवलंय की प्रत्येक शाळेत एक तरी कॉम्प्युटर पाहिजे. एक म्हणजे खरोखर एकच, तीनशे पोरांत. तो चाकाच्या टेबलावर ठेवतात आणि या वर्गातून त्या वर्गात नेतात. चार पोरं ढकलतात, एक दार धरून उभं राहतं, आणि बाई मागून ‘सावकाश, सावकाश’ करत येतात. बऱ्याच शाळांनी बीबीसीचा घेतलाय. रेडिओवाली बीबीसी तीच, तिने नाव दिलेला कॉम्प्युटर आहे. तो आम्ही मामांच्या व्हॅनमधून शाळेत पोचवतो आणि जोडून देतो. इथे नवीन वस्तूला वायर असते पण पुढे प्लग नसतो, तो आपला आपण लावायचा. माझं इंजिनियरिंग तिथे सुरू होतं आणि बहुतेक वेळा तिथेच संपतं.

एक गोष्ट मात्र मला येते, ती सांगतो, नाहीतर तुला वाटेल या माणसात काहीच नाही. कॉम्प्युटरचा प्रोग्राम कॅसेटवर असतो, आपली गाण्याची असते तसलीच कॅसेट. ती साध्या टेपरेकॉर्डरवर लावायची, कॉम्प्युटरला वायर जोडायची आणि वाट बघायची. कॅसेट तशीच ऐकली तर नुसती किंचाळते, भिजलेला फॅनबेल्ट ओरडतो तशी. टेपरेकॉर्डरचं हेड, म्हणजे टेप वाचणारा बारका तुकडा, केसाएवढं जरी तिरकं असलं तरी कॉम्प्युटरला काही कळत नाही आणि तो मुकाट बसून राहतो. मग मी वायर उपटतो, किंचाळणं कानाने ऐकतो आणि बारक्या स्क्रूड्रायव्हरने हेड फिरवत आवाज बरोबर धारेवर आणतो. गॅरेजात कार्ब्युरेटर असाच लावायचो. पाच-सहा शाळांच्या बाई आता दुकानात फोन करून ‘कानवाल्या माणसाला पाठवा’ म्हणतात.

हे सगळं मी पहिल्याच वर्षी आबांना कार्डावर लिहिलं होतं. ‘बीबीसीचे कॉम्प्युटर शाळांत पोचवतो आणि जोडून देतो.’ आबांनी ते शिंप्याच्या दुकानात बसून वाचलं. बीबीसी आणि कॉम्प्युटर हे दोन शब्द राहिले, पोचवणं दुकानातच सांडलं. पुढे विष्णूकाकांनी तुझं स्थळ आणताना त्यात इंजिनियर घातलं. ते म्हणतात, मीठ घातल्याशिवाय भाजी वाढत नाहीत. गेल्या दिवाळीला तुमच्याकडे पोहे खायला आलो तेव्हा मला हे सगळं कळलेलं होतं आणि मी गप्प बसलो. तू विचारलंस, कॉम्प्युटर नेमकं करतो काय? मी म्हटलं, सगळं करतो. तू म्हणालीस, स्वयंपाक? मी म्हटलं, अजून नाही. सगळे हसले. तू नाही हसलीस, बशी उचलून आत गेलीस. त्या दिवसापासून मला तू आवडतेस आणि त्या दिवसापासून मला झोपही नाही.

म्हणून कॅसेट. इथली आपली माणसं लिहायचा कंटाळा आला की कॅसेट भरून पाठवतात, आजीला नातवंडांचं गाणं, भावाला शिव्या. मीही ठरवलं की तुला सगळं बोलून टाकायचं. दुकानाच्या मागच्या खोलीत टेपरेकॉर्डर होता, मामा घाऊक आणतात त्या पांढऱ्या छोट्या कॅसेट होत्या, सात-साडेसात मिनिटं एका बाजूला. बोलायला पाच मिनिटं लागली आणि धीर करायला दोन तास. त्याच टेबलावर त्याच सकाळी मी पिनरच्या एका शाळेच्या बाईंसाठी एक प्रोग्राम उतरवून ठेवला होता. मिसेस प्रिचर्ड त्यांचं नाव. त्यांच्या मिस्टरांनी घरी बसून पाढ्यांचा खेळ केलाय, उत्तर बरोबर आलं की पडद्यावर बेडूक उडी मारतो. दोन्ही कॅसेट पांढऱ्या, दोन्हींवर नाव नाही. मी म्हटलं, आपल्याच दोन कॅसेट आपल्याला ओळखू येणार नाहीत का?

एक तुला पोस्टाने पाठवली आणि त्या सोमवारी दुसरी घेऊन शाळेत गेलो. वर्गात अठ्ठावीस पोरं जमिनीवर मांडी घालून बसलेली, मिसेस प्रिचर्ड खुर्चीत. कॅसेट लावली, पडद्यावर ‘सर्चिंग’ आलं आणि तिथेच राहिलं. कॉम्प्युटर शोधतोय, शोधतोय. पोरं चुळबुळायला लागली. मी ऐटीत म्हटलं की हेड तिरकं असेल, वायर उपटली आणि टेप मागे घेऊन पुन्हा लावली. किंचाळणं काही आलं नाही. भरल्या वर्गात माझाच आवाज आला, शुद्ध मराठीत: मंजिरी, मी माधव बोलतोय, आजूबाजूला कुणी असेल तर आधी त्यांना बाहेर पाठव.

वर्गात अलका नावाची एक नऊ वर्षांची मुलगी आहे, आपलीच, डॉक्टर सुप्रभाताईंची. घरात मराठी ऐकलेली. तिने लगेच हात वर केला आणि इंग्रजीत सांगितलं, मिस, तो म्हणतोय सगळ्यांनी बाहेर जा. आणि इथली पोरं इतकी आज्ञाधारक की अठ्ठावीसच्या अठ्ठावीस उठली आणि कोट घ्यायला निघाली. त्यांना परत बसवेपर्यंत टेप पुढे चाललेलीच. मी बंद का केली नाही विचारशील. एका हातात वायर होती, दुसऱ्यात स्क्रूड्रायव्हर, आणि डोक्यात एकच विचार: ही जर इथे आहे, तर साताऱ्याला तुझ्याकडे काय गेलं?

मग सगळा वर्ग शांत बसून ऐकत राहिला आणि अलका एकेक वाक्य इंग्रजीत सांगत राहिली. तो इंजिनियर नाही. तो नववीत दोनदा बसला आणि दोनदा नापास झाला. तो खोकी उचलतो आणि प्लग लावतो. त्याने खोटं सांगितलं नाही पण खरंही सांगितलं नाही. तो म्हणतो, तुला फसवून लग्न करायचं नाही. इथे टेप संपली. म्हणजे मंजिरी, तुला जे सांगायचं होतं ते हे. वळसा संपला.

पोरांनी मला धारेवर धरलं. एकाने विचारलं, नापास दोन्ही वेळेला एकाच विषयात का? दुसरा म्हणाला, ती हो म्हणाली का? अलका माझी बाही ओढून मराठीत म्हणाली, काका, तुझी बायको रागावला तर तू काय करणार? मी म्हटलं, आधी बायको होऊ दे. मिसेस प्रिचर्डनी पोरांना खरंच मैदानात पाठवलं आणि मला चहा दिला. म्हणाल्या, मला दोन दिवसांचं ट्रेनिंग दिलंय, त्यातला एक दिवस मला सर्दी होती. रोज सकाळी या पेटीची भीती वाटते, पण पोरांना वाटतं मिसला सगळं येतं. मग म्हणाल्या, पण मला त्यांच्याशी लग्न करायचं नाहीये, तुझं वेगळं आहे. अठ्ठावीस मुलांना कळलं, तिलाच तेवढं कळलेलं नाही.

अठ्ठावीसही आता कुठले. अलकाने घरी सांगितलं, सुप्रभाताईंनी मंडळात सांगितलं. पिनरपासून एजवेअरपर्यंत आपल्या एकूण एक घरांत आज माझे नववीचे निकाल पाठ आहेत. काल मंदिरात एक बाई मला म्हणाल्या, गणितात किती कमी पडले होते रे? मामा तेवढे माझ्या बाजूने आहेत, पण त्यांची बाजू अशी की, खोटं तुझ्या बापाने सांगितलं, मीठ विष्णूने घातलं, तू नुसता पोहे खात होतास, पोहे खाणं गुन्हा आहे का? बीबीसी म्हटलं की मुलगी देतात, टीव्ही रिपेअर म्हटलं तर चहासुद्धा विचारून देतात. लग्न होऊ दे, मग सावकाश सांग, माझं तसंच झालं. मामी स्वयंपाकघरातून म्हणाल्या, मला अजून सांगितलेलं नाही.

मग आबांचं पत्र आलं. ते खास एसटीने साताऱ्याला आले होते, विष्णूकाकांनी टेपरेकॉर्डर आणला होता, तुमची सगळी आळी जमली होती. कॅसेट लागली आणि किंचाळायला लागली. शेजारचं कुत्रं रडायला लागलं. कुणीतरी म्हणालं, कॅसेट बिघडली. तेव्हा दादासाहेबांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं आणि सांगितलं की ही कॉम्प्युटरची भाषा आहे, जावई तीच बोलतो. मग सगळ्यांनी ती सहा मिनिटं माना डोलवत ऐकली. आत्याने टेपरेकॉर्डरला हळदकुंकू लावलं. विष्णूकाका म्हणाले, याच्यापुढे इंग्रजी म्हणजे काहीच नाही. आबा लिहितात की त्यांचे डोळे भरून आले. मंजिरी, तुम्ही सगळ्यांनी मन लावून जो ऐकला तो सातचा पाढा होता. मधे जे जास्त जोरात किंचाळलं तो बहुधा बेडूक.

पत्राच्या शेवटी आबांनी बारीक अक्षरात लिहिलंय की सगळे उठल्यावर तू कॅसेट पुन्हा एकदा लावायला सांगितलीस आणि पूर्ण ऐकलीस. हे वाचल्यापासून माझं कामात लक्ष नाही. परवा एका हायस्कूलला प्लगमधल्या वायरी उलट्या जोडल्या, फ्यूज उडून अख्ख्या मजल्याचे दिवे गेले.

खरं तेवढं सगळं सांगतो, म्हणून हेही. हॅरोच्या कॉलेजात संध्याकाळच्या वर्गाला नाव घातलंय, इंग्रजी आणि गणित. माझ्या शेजारी सत्तर वर्षांच्या एक आजी बसतात आणि माझं बघून लिहितात, यावरून वर्गाची कल्पना कर. दोन वर्षांचा अभ्यास आहे. दोन वर्षं एका जागी बसणं मी आजवर केलेलं नाही, तेव्हा वचन देत नाही. तीन आठवडे झाले, अजून बसलोय.

आता आज मुद्दाम का लिहितोय ते. आबांच्या पत्रात लग्नपत्रिकेचा नमुना होता. माझ्या नावाखाली ठळक अक्षरात आहे, ‘कॉम्प्युटर इंजिनियर, बीबीसी, लंडन’. पाडव्याला ती छापायला जाणार आणि त्याआधी तपासायला तुझ्याकडे देणार, कारण घरात शिक्षिका तूच. हे पत्र त्याच्या आधी पोचेल असा हिशोब केलाय. तोंडी सांगितलेलं कधीतरी हवेत विरतं, पण ते पाचशे घरांत छापून गेलं की तुला जन्मभर ते खोटं माझ्याबरोबर सांभाळावं लागेल, आणि ते मला नको. पत्रिका हातात आली की ती ओळ खोड. आणि ती खोडल्यावर वरचं नावही ठेवावंसं वाटलं नाही, तर तेही खोड, मला कारण कळवू नकोस. घरी कुणी विचारलं तर सांग की नकार मुलाकडून आला. मी तसं दादासाहेबांना लिहून देईन, म्हणजे तुला कुणी बोल लावणार नाही.

एकच ओळ खोडलीस तर
तुझाच,
माधव