बाजारच्या दिवसाचं ऊन

आबा, तुमच्या नातीनं आज मला एक इंग्रजी शब्द शिकवला. ह्या वयात! ऐंशीला टेकले मी. ती स्वतः शाळेतून निवृत्त झाली, जन्मभर सांगलीच्या पोरींना इंग्रजी शिकवलं, तरी शिकवायची खोड काही जात नाही. सकाळी गच्चीवर पाठ उन्हाकडं करून मी शेंगा फोडत बसले होते, तर ही जाडजूड डिक्शनरी काखेत मारून वर आली. "आई, तू आत्ता हे करतेयस ना, त्याला इंग्रजीत शब्द आहे." मी म्हटलं, "शेंगा फोडायला?" तर खो खो हसली. "नाही गं. अ‍ॅप्रिसिटी. थंडीच्या दिवसांत अंगाला लागणारी उन्हाची ऊब." म्हणे फार जुना शब्द आहे, आता कुणी वापरत नाही, डिक्शनरीत नुसता पडून आहे. मला रागच आला. एवढी चांगली वस्तू, आणि वापरत नाहीत म्हणजे काय? त्या गोऱ्यांकडं तर ऊन मोजकंच पडतं असं तुम्हीच सांगायचात. त्यांनी तर हा शब्द देव्हाऱ्यात ठेवायला हवा होता. मग तिनं विचारलं, आपल्यात आहे का गं असा शब्द? मी म्हटलं, आपण ऊन खातो. शब्दबिब्द काय करायचाय? ती पुन्हा हसली आणि खाली गेली. माझ्या शेंगा मात्र तशाच राहिल्या, कारण तुम्ही आठवलात, आणि तुम्ही आठवलात की माझे हात थांबतात.

लढाईचे दिवस होते. रॉकेल मिळायचं नाही, कापड मिळायचं नाही, आणि माधवनगरला ह्यांच्या गिरणीत लष्कराच्या कापडासाठी पाळीवर पाळी चालायची. म्हणून सातव्या महिन्यात ओटी भरून मला एकटीलाच माहेरी यायला रेल्वेत बसवून दिलं. रहिमतपूर स्टेशनावर तुम्ही गाडी घेऊन आला होता. मी अवघडून बसू नये म्हणून गाडीत कडबा, कडब्यावर घोंगडं, घोंगड्यावर गोधडी असा थाट केला होता. वाटेत माझ्याशी तुम्ही बोललात ते एवढंच, "हळू हाकतो." तरी औंधचा डोंगर दिसायच्या आत माझ्या पोटात कळा सुरू झाल्या, आणि दोन महिने आधीच ही बया जगात आली. ओंजळीत मावेल एवढी. रडायचीसुद्धा ताकद नव्हती, नुसतं तोंड उघडायची. सुईणीनं तिला सुपात ठेवलं आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, "देवाचं देवाला म्हाईत." आत्यानं यमाईला नवस बोलला आणि बजावलं, एवढ्यात नाव ठेवायचं नाही. नाव ठेवलं की माया लागते, आणि मग जाताना जास्त जड जातं. मी अठरा वर्षांची होते आबा. माया लागायची राहिली होती का?

आत्या वाईट नव्हती, हे मी कुणालाही सांगेन. आई गेल्यावर तिनंच मला वाढवलं. पण तिला रीत म्हणजे रीत. बाळंतिणीच्या खोलीला एकच खिडकी, तिच्यात पोतं कोंबलेलं, बाजेखाली गोवऱ्यांची शेगडी, वर ओव्याची धुरी. एवढुसं पोर गारठेल म्हणून एका सकाळी तिनं आणखी एक शेगडी आणून ठेवली आणि दार घट्ट ओढून घेतलं. मला गुंगी आल्यासारखं झालं. डोकं गरगरायला लागलं. कूस वळून बघते, तर पोरीचे ओठ निळे, मान टाकलेली. मी किंचाळले, एवढं आठवतं. मग दाराला लाथ बसल्याचा आवाज, आणि धुरातून तुम्ही आत. मिशीवर, फेट्यावर धूर, आणि डोळ्यांत असा राग की मीच घाबरले. आमच्याकडं बाळंतिणीच्या खोलीत गडीमाणूस पाऊल टाकत नाही, त्यात सोयराचे दिवस. तुम्ही सूपच्या सूप उचललंत आणि बाहेर गेलात.

"आरं, येडा हाईस का तू? बाळतिणीच्या खोलीत गडीमाणूस? भाईर गारठ्यात न्हेऊन मारतोस पोरीला?" आत्या मागून ओरडत आली. तुम्ही मागं न बघता म्हणालात, "आक्का, धुरानं तू मारत हुतीस. जरा गप ऱ्हा." गोठ्याच्या भिंतीला नुकतं ऊन लागलं होतं. तिथं तुम्ही फतकल मारून बसलात, लष्करातल्या जाड कोटाची बटणं काढलीत, सदरा वर केलात आणि पोरीला उघड्या छातीशी धरून वरून कोट ओढून घेतलात. नुसतं तिचं टाळकं उन्हात. मी दाराच्या चौकटीला धरून उभी. किती वेळ गेला कुणास ठाऊक, मला तर युगं गेल्यासारखी वाटली. आणि मग त्या कोटातनं मांजराच्या पिल्लासारखा आवाज आला. आत्या रडायलाच लागली. तुम्ही म्हणालात, "आजपास्नं ऊन हाय तवर हे पोर आत जायाचं न्हाई." तुम्ही हवालदार म्हणून पेन्शनीत निघाला होता. तुमचा हुकूम मोडायची आमच्या घरात कुणाची छाती नव्हती.

तेव्हापासून ते पोर आणि तुम्ही ऊन गाठत फिरायला लागलात. सकाळी गोठ्याची भिंत. ती सावलीत गेली की कडब्याच्या गंजीचा आडोसा, तिथं वारा लागत नाही. दुपारी तुळशीपुढचा दगडी कट्टा, कारण दगड तापून राहतो आणि ऊन कललं तरी खालून ऊब देतो. हे तुम्ही कुठं शिकलात ते मी विचारलं, तर म्हणालात, "फ्रान्सात." पहिल्या लढाईत तिथं बर्फात तुमचे पाय सुजले होते, दवाखान्यात टाकलं होतं, आणि तिथली गोरी नर्स घटकाभर ऊन पडलं की सगळ्या खाटा बाहेर ओढायला लावायची. "ऊन म्हंजी त्यांचा सणच गं. त्या बाईनं माझं पाय राखलं." एवढंच. त्या देशात तुम्ही काय काय बघितलं असेल, पण माझ्यापर्यंत तेवढं ऊनच आलं.

गुऱ्हाळाची आपली पाळी त्याच दिवसांत आलेली. ऊस तोडून रानात पडला होता. ती पाळी तुम्ही शेजाऱ्याला देऊन टाकलीत, कारण गुऱ्हाळ दिवसाचं आणि ऊनही दिवसाचंच. आत्या चडफडली. "ऊस वाळंल की रं!" "वाळू दे," म्हणालात तुम्ही, "ह्ये वाळाय नगो." दोन दिवसांनी मलाही बाहेर काढलंत. आई अंधारात आणि पोर उन्हात ही कसली रीत, असं म्हणून बाज उभी करून वाऱ्याकडून आडोसा केलात, आणि मी त्याच्या आत, तुमच्या पाठीशी पाठ लावून बसायला लागले. कापसाच्या बोळ्यानं तिच्या ओठांवर थेंब थेंब दूध सोडायचं. एक थेंब गिळला की तुम्ही म्हणायचात, "शाबास रं गड्या!" मुलगी आहे आबा, मी म्हणायची. "पलटणीत समदी गडीच," तुम्ही म्हणायचात.

गाव काय गप्प बसतंय होय! वाटेनं जाणारा प्रत्येकजण कुडावरून डोकवायचा. एकानं विचारलंच, "काय हवालदार, अंडी उबवताय व्हय?" मी शरमेनं खाली मान घातली. तुम्ही मात्र अगदी सरळ तोंडानं, "व्हय बाबा, कोंबडी कामावं गेलीया." तो माणूस निघून गेला, आणि आडोशाच्या आत मी तोंडात पदर कोंबून हसले. बाळंत झाल्यापासून पहिल्यांदा हसले मी. आत्यासुद्धा हसली, पण लगेच गंभीर होऊन म्हणाली, "यमाईनं जगवलं तर जगंल." तुम्ही म्हणालात, "जगवंल की. ऊन तरी कुणाचं हाय? तिचंच." दुसऱ्या दिवशी ती आपणहून कट्टा झाडून, पोतं अंथरून आली.

संक्रांतीच्या तोंडाला माझ्या सासूबाई आल्या. पोर काही राहत नाही, असा निरोप त्यांना आधीच गेलेला. त्या माझं सांत्वन करायला म्हणून आल्या होत्या, रिकाम्या हातानं, डोळे पुसायच्या तयारीनं. दारात येऊन बघतात तर अंगणात व्याही, कोट उघडा, आणि कोटातून एक डोकं बाहेर. विहिणीपुढं असं! मला वाटलं, आता संपलं. तुम्ही उठायला गेलात आणि पोर कुरकुरलं, तसे परत बसलात. "इहीणबाई, माफी करा. उठता येत न्हाई. साहेब झोपल्यात." सासूबाई तशाच उभ्या. त्यांचा चेहरा अजून माझ्या डोळ्यांपुढं आहे. मग त्या हळूच खाली वाकल्या, एका बोटानं तिच्या टाळूला हात लावला. टाळू उडत होती. "कढत हाय की वं," त्या म्हणाल्या. आणि मग विचारलं, "नाव काय ठेवलं?" आत्याच म्हणाली, "ठेवलं न्हाई अजून. भ्या वाटतं." सासूबाईंनी पदर खोचला. "आता कसलं भ्या? पाळणा मांडा." त्या संध्याकाळी, ऊन जायच्या आत, कट्ट्यावरच बारसं झालं. घुगऱ्या पुरल्या नाहीत, म्हणून आत्यानं शेंगदाणे आणि गूळ वाटला. गूळ त्याच शेजाऱ्याच्या गुऱ्हाळाचा.

पुढं माधवनगरला चाळीत आम्ही पोरीला घेऊन आलो, तर तिथं सकाळचं ऊन फक्त टोकाच्या एका दारापुढं पडायचं. तिथं सगळ्या चाळीचे पापड, सांडगे वाळत घातलेले असायचे. सासूबाईंनी पहिल्याच सकाळी जाऊन सांगितलं, "आमच्या इहायानं ह्या पोरीला ऊन लावलंय. ते तुटाय नगो." बाया हसल्या, पण जागा दिली. ती पुरती थंडी त्या दारापुढं एक बाज पडलेली असायची, आणि बाजेवर तुमची नात, तेल चोपडून, मूठ चोखत. त्या बाया तिला अजून ऊनखाऊ म्हणतात. ज्या उरल्यात त्या. शाळा सुरू व्हायच्या आधी तुम्ही गेलात, नाहीतर तिची पाटी बघायला आला असतात.

आता जे कुणाला सांगितलं नाही ते लिहिते. तुमच्या नातीनं तुमची गोष्ट शंभरदा ऐकलीय, पण हे तिलाही माहीत नाही. एका दुपारी मी तशी तुमच्या पाठीला पाठ लावून बसले होते. पोर तुमच्या छातीशी गाढ झोपलेलं. तुम्ही काहीतरी पुटपुटत होता तिच्याशी, फौजेतलं हिंदी. आणि मला, आबा, पोटच्या पोरीचा हेवा वाटला. माझ्या आठवणीत तुम्ही मला कधी उचलून घेतलेलं नाही. डोक्यावर हात ठेवलेलाही आठवत नाही. आजोबा जिवंत होते, आणि वडीलधाऱ्यांपुढं आपलं पोर आपण घ्यायचं नाही ही आपल्याकडची पद्धत. सगळ्याच बापांची तीच गत होती. मला कळत होतं सगळं. तरी तोंडातून गेलंच. "आबा, मला कधी असं घेतलंवतं का वं?"

तुमचं हिंदी पुटपुटणं थांबलं. मला वाटलं रागावलात. मग पाठ न वळवता म्हणालात, "तुझ्या येळेला म्हातारा जित्ता हुता. त्येच्या म्होरं पोर घ्यायची टाप न्हवती." मी म्हटलं, असू दे. तर तुम्ही म्हणालात, "बाजारादिवशी घ्यायचो. म्हातारा बाजाराला गेला की आक्काकडनं तुला घ्यायचो. दिसभर खांद्यावं घिऊन साऱ्या रानातनं हिंडायचो. थंडीत बांधावं उन्हात घिऊन बसायचो. सांजच्याला म्हाताऱ्याच्या गाडीची घुंगरं वाजली की आक्काकडं दियाचो." आणि मग, "तू रडायचीस दिताना." माझी पाठ तुमच्या पाठीला तशीच टेकलेली होती. तुम्हाला कळलं असेल मी रडतेय ते. तुम्हीही वळला नाहीत, मीही वळले नाही. ऊन मात्र दोघांवर होतं.

दुपारी तुमची नात परत गच्चीवर येईल. तिला हे दाखवणार नाही, लाल पेन घेऊन शुद्धलेखन तपासत बसेल. तिला तिचा शब्द लखलाभ, आणि चांगलाच आहे तो, वापरायला हवा कुणीतरी. मी शेंगांच्या टोपलीखाली हे कागद सरकवते आणि खुर्ची जरा उन्हात ओढते. एक गोष्ट तेवढी कबूल करते आबा. तुम्ही सांगितलंत त्यातलं मला काहीच आठवत नाही. बांध नाही, खांदा नाही, घुंगरं नाहीत. खूप आठवून बघितलं. पण थंडीत पाठीला ऊन लागलं की दर वेळी वाटतं, आज बाजार आहे, आणि म्हातारा अजून परतला नाही.