पाहुण्याने मागे ठेवायचं

बाबा, आज तुमच्या पुण्यतिथीला काकांनी पुन्हा तोच किस्सा सांगितला. मलावीतल्या खेड्यात, यजमानीणबाईंचं मन राखायला, डॉक्टरसाहेबांनी अख्खी परात कशी फस्त केली! इंग्लंडात, मेडनहेडच्या आपल्या डायनिंग टेबलाभोवती सगळे पोट धरून हसले. कुणीतरी विचारलं, "तिथे दुष्काळ होता ना?" दुष्काळ कसला डोंबलाचा! मका शेतात हिरवागार उभा होता. तो कापणीला येण्याआधी घरातलं धान्य संपतं, एवढंच. दरवर्षी संपतं. टीव्हीवाल्यांना त्यात नवीन काय दिसणार?

मी तेव्हा आठ वर्षांची. सकाळी क्लिनिकमध्ये तुम्ही त्याच घरातल्या मुलीच्या दंडाला कुपोषण मोजायची टेप लावता, मान हलवता, तिच्या आईला म्हणता, "हिला चांगलं खायला घाला." दुपारी तीच आई आपल्याला जेवायला बसवते. मक्याच्या पिठाचा वाफाळता गोळा, भोपळ्याच्या पानांची भाजी. मुलगी दारात उभी. माझ्याच वयाची, पण माझ्या खांद्यालाही लागत नाही. मी म्हणते, "बाबा, ती बघतेय." तुम्ही डोळे वटारता. "जेवताना बोलू नये. पानात टाकायचं नाही, संपव." आणि आपण बापलेक चाटूनपुसून संपवतो.

परतताना जीपमध्ये तुमच्या नर्सने हळूच सांगितलं, इथे पाहुण्याने थोडं मागे ठेवायचं असतं, मग मुलं जेवतात. आता त्या घरात चूल उद्याच पेटेल. तुम्ही ओशाळून हसलात. "अरेच्चा, मग सांगायचं ना त्यांनी!" कोण सांगेल, बाबा? घरी आलेल्या पाहुण्याला आपल्या आईने तरी सांगितलं असतं का? आणि टेप तर तुमच्याच खिशात होती. चूक होते हो माणसाकडून. पण तुम्ही त्या चुकीचा किस्सा केलात, आयुष्यभर सांगितलात, आणि त्यातून ती मुलगी काढून टाकलीत. याचा मला अजून संताप येतो.

तुम्ही हे वाचणार नाही, म्हणून तर लिहायचा धीर झाला. आज तोंडाने सांगणार होते. ठरवून ताटात दोन घास ठेवले. कुणी विचारलं की सगळं ओकून टाकायचं. आईने बघितलं. "पानात टाकू नये गं, आज तर नाहीच. बाबांना चाललं नसतं." सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी मुकाट्याने ते दोन घास खाल्ले, आणि सवयीने ताटही बोटाने पुसून घेतलं.